काजळवेळीच्या होडीचा पाळणा

पूल झाला तो अलीकडे. त्याच्या कितीतरी आधी, आपल्या आजोबांच्या आजोबांनीही फक्त ऐकलं होतं त्या काळी, काजळवेळी गावच्या खाडीवर माणसं पार न्यायला एकच होडी होती. ती मतेव नावाचा एक परदेशी माणूस चालवायचा.

वादळात फुटलेल्या गलबताच्या फळीला धरून तो किनाऱ्याला लागला, असं म्हणतात. देश स्पेन. गळ्यात दोऱ्याला तांब्याचं अर्धं पदक, मधोमध कापलेलं. म्हाताऱ्या धाकू तांडेलाने त्याला पेज पाजली, भाषा शिकवली, आणि स्वतःचे हात थकले तेव्हा होडीची वल्ही त्याला दिली.

एकदा धाकूने विचारलं, "मतेवा, तुझं आडनाव काय रे?"

"एक्स्पोसितो."

"हे गाव कुठे आलं?"

आपल्याकडे आडनावात गाव असतं, म्हणून धाकूला तसं वाटलं. मतेव म्हणाला, "गाव नाही, तांडेल. आमच्याकडे ज्या आईला मूल ठेवता येत नाही, ती ते मठाच्या भिंतीतल्या फिरत्या लाकडी खणात ठेवते. आतली जोगीण खण फिरवते, मूल आत जातं. दोघींना एकमेकींचं तोंड दिसत नाही. अशा पोरांना हेच आडनाव देतात. अर्थ, बाहेर ठेवलेला."

"म्हणजे गाव मोठंच की," धाकू म्हणाला. "खोत कोण तिथला?"

मतेव हसला. मग पदक चाचपत म्हणाला, "याचा दुसरा अर्धा भाग आईकडे आहे. परत न्यायला आली की जुळवून बघायचा म्हणून."

ती आली नव्हती. होडीत चढणाऱ्या प्रत्येक बाईच्या गळ्याकडे मतेव बघायचा, असं म्हणतात. इतके समुद्र ओलांडून ती इथे कुठून येणार, हे त्यालाही कळत होतं. तरी बघायचा.

एका सकाळी त्याच्या होडीत एक तान्ही मुलगी सापडली. अंगाभोवती हिरवं लुगडं, फाडलेलं, अर्धंच. मतेवने त्या फाटक्या कडेवरून बोट फिरवलं. उरलेलं अर्धं कुणीतरी जपून ठेवलं असणार, आणि होडी रात्रभर याच धक्क्याला होती, म्हणजे ती बाई याच गावातली.

गाव धक्क्यावर जमलं. खोत म्हणाला, "कुणाचं पाप कोण जाणे. पलीकडे सोडून ये."

"पलीकडचेही हेच म्हणतील, खोत. मग खाडीच्या मध्येच राहू का हिला घेऊन?"

त्याने होडीच्या आडव्या बांबूला पाळणा टांगला आणि सांगितलं, ज्याला पार जायचं त्याने पाळण्याला एक झोका द्यायचा. एक जण झोका देताना बाकीच्यांनी पाण्याकडे बघायचं. नाहीतर होडी सुटणार नाही.

बाजार पलीकडे, लेकींची सासरं पलीकडे. लोक कुरकुरले आणि चढले.

"पाच पोरांना झोके देऊन माझे हात मोडले, आता तुझ्याही पोरीला?" भागी कोळीण म्हणाली.

"एकच दे, वहिनी."

"आणि पाण्यात काय बघू? माझे मासे तर टोपलीत आहेत."

पण बघितलं तिने.

सगळ्यांचे झोके सारखे नसत. एखादा जरा जास्त वेळ चालायचा, पाळण्याची दोरी करकरायची थांबायची, एखादं बोट गालाला लागत असेल. कुणाचं, ते मतेवने कधी बघितलं नाही. तोही पाण्याकडे तोंड करून उभा असायचा.

बारशाला आत्या लागते. मतेवला बहीण कुठली? धाकूची म्हातारी बहीण काठी टेकत आली आणि मुलीच्या कानात 'सागुणा' म्हणाली. आडनाव मतेवने आपलं दिलं.

"ते तरी धड दे पोरीला," लोक म्हणाले.

"आतापर्यंत त्यात मी एकटा होतो," मतेव म्हणाला.

सागुणा मोठी झाली. पाळणा रिकामा झाला तरी तो टांगलेलाच राहिला, आणि झोके चालू राहिले. सागुणाला मात्र एक सवय लागली. दारोदारी वाळत घातलेल्या लुगड्यांकडे ती बघत जायची.

मतेव गेला तेव्हा त्याला त्याच्याच होडीत निजवलं. काजळवेळीचा एकूण एक माणूस आला. प्रत्येकाने होडीला एक झोका दिला, आणि तो देताना बाकीचे पाण्याकडे वळून उभे राहिले. असं म्हणतात, शेवटच्या माणसाचा झोका होईपर्यंत ओहोटी थांबून राहिली.

लोकांनी पुन्हा होडीकडे तोंड केलं तेव्हा मतेवच्या छातीवर हिरव्या लुगड्याचा अर्धा तुकडा होता. जुना, विटलेला, नीट घडी घातलेला.

सागुणाने तो उचलला. आपल्याकडचा तुकडा आणून फाटक्या कडा जुळवल्या. धागा धाग्याला लागला. मग तिने वर बघितलं आणि विचारलं, "कुणी ठेवला हा? बघितलं का कुणी?"

कुणीच बघितलं नव्हतं. सगळे पाण्याकडे बघत होते.

तिने पुन्हा विचारलं नाही. दोन्ही तुकडे बापावर पांघरले आणि त्याला धक्क्याजवळच्या वाळूत पुरलं. पदक गळ्यातच ठेवलं, कापलेली बाजू समुद्राकडे करून. मग तिने वल्ही हातात घेतली.

आता होडी नाही. पण पुलाच्या काजळवेळीकडच्या टोकाला एक लाकडी पाळणा टांगलेला असतो. कुजला की गावचा सुतार नवा करतो. मायबाप नसलेल्या मुलाला या गावात अजून मतेवचंच आडनाव देतात, आणि आत्या व्हायला बायकांत भांडणं लागतात. येणारा-जाणारा पाळण्याला एक झोका देतो. आणि पाळण्यापाशी कुणी जरा जास्त वेळ थांबलेलं असलं, तर मागून येणारी माणसं पुलाच्या कठड्याशी थांबतात, आणि पाण्याकडे बघत राहतात.