विझा ना जरा!

फार पूर्वी, फार लांबच्या एका ग्रहावर अंगातून उजेड पडणारे लोक राहायचे. ज्याचा उजेड जास्त, त्याचा मान मोठा. लुकी मात्र कुठे खुट्ट झालं की दचकून विझायची, आणि सगळे हसायचे.

एकदा भर सभेतून तिचं तान्हं बाळ रांगत कुठेतरी गेलं. शोधायला सगळे आणखीच झगझगले. डोळे दिपले, पण बाळ काही दिसेना.

"अहो तेजोबा, विझा ना जरा!" लुकी कळवळून म्हणाली.

"मी? गावचा प्रमुख असून?"

"त्याचा उजेड मोहरीएवढा आहे हो! अंधारातच दिसेल. मला माहितीये ना!"

कुरकुरत सगळे विझले. तेजोबांच्याच आसनाखाली काहीतरी लुकलुकलं.

तेव्हापासून तिथे कुणाचं बाळ हरवलं, की सगळ्यांआधी तेजोबा विझायचे.