गाडग्यातलं विरजण

माळरानावरच्या तांबरवाडीत माणसं होती तेव्हा गाडगी-पळ्याही बोलत. मग एकेक घराला कुलूप लागलं आणि केरबाआबांची एकच चूल पेटती राहिली. आबा म्हशीच्या दुधाला रोज आदल्या दिवसाच्या दह्याचं विरजण लावत.

एके सकाळी वेशीजवळच्या पडक्या घरात एक मेंढपाळ कुटुंब राहायला आलं. त्यातली म्हाळसा वाटी घेऊन दारात उभी राहिली. "आबा, वाईच विरजण मिळंल का?"

शिंकाळ्यातलं गाडगं पळीला कुजबुजलं, "गावातलं शेवटचं दही आहे हे. देऊ नकोस."

"विरजण मागणाऱ्याला नाही म्हणायची इथं रीत नाही," पळी म्हणाली आणि वाटीत रिती झाली. गाडगं रुसलं.

पुढं एका दुपारी मांजरानं शिंकाळ्यावर उडी मारली. गाडगं लवंडलं, दही मातीत गेलं. "आता गावात दही लागायचं नाही," ते हळहळलं.

आबांनी गाडगं धुतलं आणि कित्येक वर्षांनी ते शेजारी काही मागायला निघाले. म्हाळसानं आपल्या दह्यातलं विरजण त्यात घातलं.

घरी परतल्यावर गाडगं हळूच म्हणालं, "चव आपलीच आहे गं."

"आपली होती," पळी म्हणाली. "आता गावाची झाली."