खैराळात पाणी मागत नाहीत

फार वर्षांपूर्वीची गोष्ट. किती वर्षांपूर्वीची ते मला विचारू नका, कारण मी सांगतो तो आकडा दरवेळी वाढतो. आमच्या खैराळच्या वेशीवरची ही चिंच तेव्हा रोप होती आणि ओढ्यातला हत्तीएवढा धोंडा तेव्हा पिल्लू होता, असं म्हणतात. तेवढं जुनं धरा.

त्या काळी गावात एक भिश्ती होता. भिश्ती म्हणजे कातड्याच्या पिशवीतून घरोघर पाणी घालणारा. नाव लाडलेसाब. गाव त्याला चाचा म्हणायचं. गावाला नदी होती, आजही आहे, पण ती लग्नातल्या पाहुण्यासारखी. चार दिवस येते, गोंधळ घालते आणि निघून जाते. उरलेलं वर्ष खैराळची नदी म्हणजे लाडलेचाचा. डोंगराच्या पोटात एक झरा होता, तिथून तो पाणी आणायचा. त्याची बोकडाच्या कातड्याची मसक एवढी मोठी होती, की ती भरेस्तोवर झऱ्याला धाप लागायची, असं म्हणतात. तिच्यातून अर्धं गाव प्यायचं आणि उरलेल्या पाण्यात म्हशी डुंबायच्या. म्हशींचं मी थोडं वाढवलं असेल. बाकी खरं आहे.

चामड्यातलं पाणी आम्हांला चालत नाही, म्हणणारी घरंही गावात होती. चैत्रापर्यंत त्यांना चालत नसे. वैशाखात चालायला लागे.

चाचाचा एक नेम होता. गावातला शेवटचा हंडा भरेपर्यंत स्वतः घोटभरही घ्यायचा नाही. हा नेम फार लांबून आला होता. करबलाच्या वाळवंटात इमाम हुसेनांची माणसं वेढ्यात सापडली, समोर नदी वाहत होती आणि नदीवर पहारा होता. तंबूत पोरं तहानेनं रडत होती. तेव्हा हुसेनांचा भाऊ अब्बास मसक घेऊन निघाला आणि पहारा फोडून नदीत शिरला. त्यानं ओंजळ भरली, ओठांपाशी नेली, आणि पोरं आठवली म्हणून सोडून दिली. परत येताना तो पडला. मसक फुटली. पाणी वाळूत गेलं. आमच्याकडचे भिश्ती त्या अब्बासला आपला मूळपुरुष मानत.

या दुःखाला पाय फार. इराणात गेलं तर तिथं त्याचं नाटक झालं. लखनौला आलं तर त्याची शोकगीतं झाली. ऊसमळ्यांत राबायला सातासमुद्रापार गेलेले मजूर ताशे घेऊन गेले, तर तिकडच्या बेटांवर त्याची मिरवणूक निघाली. आणि खैराळला पोचलं तेव्हा आम्ही त्याला हलगी बांधली, वाघाची सोंगं दिली आणि मलिद्याचा निवद दाखवला. मोहरमात इथं पिरांचे पंजे उचलायचा मान जगदाळ्यांचा, ताबुताची डोली बांधायची सुतारांनी, आणि पीर अंगात यायचा तो बहुतेक गुरवाच्या. कुणाचा सण कुणाचा, हे विचारायला गावात कुणाला सवड नव्हती.

मोहरमच्या दहाव्या दिवशी सगळ्यात मोठं सोंग असायचं भिश्त्याचं. ते खऱ्या भिश्त्यानंच घ्यायचं. भर दुपारी, हलगीच्या ठोक्यावर, चाचा सगळ्यांसमोर मसक पिळून दाखवायचा. थेंब नाही. मग दारोदार जाऊन म्हणायचा, "लेकरं तहानली, घोटभर पाणी द्या." आणि घरातल्या बाईनं उंबऱ्यात उभं राहून म्हणायचं, "दर्या अडवलाय, फुडं जा." दर्या म्हणजे ती नदी. एवढं बोलून दार लावायचं आणि दाराआड रडायचं. वर्षभर पाणी देणारा माणूस एक दिवस पाणी मागायचा, आणि वर्षभर त्याचं पाणी पिणारं गाव त्या दिवशी त्याला नाही म्हणायचं. रीतच तशी होती.

चाचा सोंग करायचा ते बघायला पंचक्रोशी लोटायची. ओठ सुकलेले दिसावेत म्हणून तो ओठांना राख फासायचा. असा झोकांड्या खायचा, की धरायला माणसं पुढं व्हायची, आणि तो डोळा मिचकावून पुढं जायचा. दरवर्षी काहीतरी नवं घालायचा. एके वर्षी शेवटच्या दारात तो गुडघ्यावर बसला आणि अगदी हळू म्हणाला, "पोरी, हे सोंग न्हाई. खरंच तहान लागलीया."

शेवटचं दार जगदाळ्यांचं. उंबऱ्यात होती त्यांची धाकटी सून भिवरा. नवी नवरी, गावची रीत तिला धड ठाऊक नाही. ती आत धावली आणि तांब्या भरून घेऊन आली.

चाचानं तांब्या हातात घेतला, उंच धरला आणि गावाकडं वळून म्हणाला, "बघा रं, दर्यावरचा पहारेकरी फितूर झाला." गाव पोट धरून हसलं. डोळ्यांतलं पाणी पुसायचं आणि हसायचं, दोन्ही एकदम. चाचानं ते पाणी तुळशीत ओतलं, भिवराच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "गुणाची हाईस. पर सोंगात खरं पाणी द्यायचं नसतं गं."

चाचा विसरला. गाव कुठलं विसरतंय. वर्षभर पाणवठ्यावर भिवरा दिसली, की बाया विचारायच्या, "काय गं फितूर, आज कुणाला पाजलंस?" नवरा जेवताना पाणी मागायचा तेही हसून. सासू म्हणायची, "आमच्या सुनेपुढं नुसतं तोंड वाकडं करा, घर देऊन टाकंल." भिवरानं मनाशी गाठ मारली, पुढच्या वर्षी चुकायचं नाही.

आणि पुढच्या वर्षी पाऊसच आला नाही.

असा दुष्काळ पडला, की विहिरीत बादली सोडली तर ती रिकामी वर यायची आणि वर आल्यावर खोकायची, असं म्हणतात. कावळे फांदीवर न बसता जमिनीवर एकमेकांना टेकून बसायचे, कारण वाळक्या फांदीला त्यांचं वजन पेलवत नव्हतं. लोक गुरं घेऊन मुलखाबाहेर गेले. जे राहिले ते चाचाच्या मसकेवर राहिले. डोंगरातला झरा आटून बोटाएवढा झाला होता. चाचा त्याच्यापाशी वाटी धरून बसायचा आणि मसक भरली की उन्हातून खाली यायचा. घरामागं एक तांब्या, मग अर्धा तांब्या. शेवटच्या घरचं भांडं ओलं झालं, की मसकेत जे उरेल ते त्याचं. बरेच दिवस काही उरायचं नाही.

"चाचा, तू कवा पितोस?" कुणी विचारलं, तर म्हणायचा, "माझं काय, मी झऱ्यावर राहतो. बेडकाला कुणी विचारतं का, पाणी प्यालास का म्हणून?"

लोक हसायचे. हसायला पाणी लागत नाही ना.

मोहरमचा दहावा दिवस त्या साली नेमका भर उन्हाळ्यात आला. सकाळी चाचा डोंगरावरून उतरला तो पाय ओढत. आदल्या दिवसापासून त्याच्या पोटात थेंब नव्हता. घरोघर वाटत तो शेवटी भिवराच्या दाराशी आला आणि मसकेतलं उरलंसुरलं तिच्या हंड्यात झटकलं. हंड्याचा तळ तेवढा बुडला. आता नेमाप्रमाणे पिण्याची पाळी त्याची. त्यानं मसकेचं तोंड ओठांना लावलं. आत काही नव्हतं.

त्याच वेळी मंडपात हलगी वाजली. सोंगाची वेळ झाली होती.

तिथल्या तिथं त्यानं भिवराकडं पाणी मागितलं असतं तर गोष्ट एवढीच राहिली असती. पण दिलेल्या हंड्यातलं परत कसं मागायचं, असं त्याला वाटलं असेल. की एक फेरी मारू आणि मग निवांत पिऊ, असं वाटलं असेल. मला वाटतं, त्याला हलगी ऐकू आली आणि तो नाचणाऱ्या घोड्यासारखा उठला. सोंगाड्याची जात ती. त्यातला एक मीही आहे, म्हणून सांगतो.

त्यानं सगळ्यांसमोर मसक पिळली आणि फेरी सुरू केली. पहिल्या काही दारांत तो सोंग करत होता. नंतर कधीतरी सोंग मागं राहिलं आणि तो एकटाच पुढं गेला. कुठल्या दारापाशी ते झालं, हे कुणालाच सांगता येत नाही. प्रत्येक घर म्हणतं, आमच्या पुढच्या दारापाशी.

"पाणी द्या," तो म्हणायचा. लेकरांचं नाव घेणं त्यानं सोडून दिलं होतं.

"दर्या अडवलाय, फुडं जा."

लोक एकमेकांना कोपरानं ढोसत होते. "औंदा चाचानं कमाल केली." "राख जरा जास्तच फासलीया न्हवं?" तो पडला तर टाळ्या पडल्या. तो उठला तर हलगीवाल्यानं ठेका वाढवला. एवढं रडणं खैराळात कधी झालं नव्हतं. दाराआड बाया पदर तोंडात कोंबून हुंदके देत होत्या, आणि त्यांच्या पायाशी, हातभर अंतरावर, त्यानंच आणून दिलेलं पाणी होतं.

तो शेवटच्या दारात आला. भिवरा उंबऱ्यात उभी होती. तो गुडघ्यावर बसला.

"पोरी," तो म्हणाला, "हे सोंग न्हाई."

भिवराचा हात हंड्याकडं गेला. असं म्हणतात, हंडा आपणहून वीतभर सरकून तिच्या हाताशी आला. तिनं त्याच्या ओठांकडं पाहिलं, मागं जमलेल्या गावाकडं पाहिलं. गाव वाट बघत होतं. मागच्या रांगेतून कुणीतरी म्हणालंसुद्धा, "आता ही फितूर व्हणार बघा."

तिनं हात मागं घेतला. डोळ्यांतून धारा लागल्या होत्या, पण आवाज तिनं पडू दिला नाही. "दर्या अडवलाय चाचा," ती म्हणाली, "फुडं जा."

चाचा हसला. त्या हसण्यावर गावात दोन मतं आहेत. काही म्हणतात, त्याला आपलीच थट्टा आठवली. काही म्हणतात, पोरगी रीत शिकली म्हणून त्याला बरं वाटलं. "खरं हाय, पोरी," एवढं तो बोलला, दारासमोरच्या लिंबाखाली गेला आणि मसक उशाला घेऊन आडवा झाला. हलगी वाजत राहिली. गाव टाळ्या वाजवत राहिलं. कुणाचेच हात लवकर थांबले नाहीत, कारण आधी कुणी थांबायचं हे ठरत नव्हतं.

पहिल्यांदा कळलं ते भिवराला. ती पदर भिजवून धावली आणि त्याच्या ओठांवरची राख पुसायला लागली. पुसली, परत पुसली. राख निघेना. मग तिनं पदर उलटून पाहिला. तो स्वच्छ होता. त्या साली त्यानं राख लावलीच नव्हती.

आता पुढचं ऐका, आणि विश्वास ठेवायचा की नाही हे तुमचं तुम्ही ठरवा. ज्या मसकेतून भर दुपारी थेंब निघाला नव्हता, ती त्याच्या डोक्याखाली फुगायला लागली. फुगली, पाझरली, आणि पाणी लिंबाच्या मुळांशी गेलं. मुळांशी ओल धरली, ओलीला धार आली, धार ओढ्याला मिळाली. तो झरा आजही आहे. कितीही दुष्काळ पडो, तिथं हंडा बुडतो. म्हणजे माणूस गेला तेव्हा गावाला पाणी मिळालं. पण त्या दिवशी ते पाणी प्यायला कुणी पुढं झालं नाही, असं म्हणतात. एवढं तहानलेलं गाव झऱ्याभोवती बसून राहिलं, आणि गुरंसुद्धा माना खाली घालून उभी राहिली. शेवटी भिवरानं ओंजळ भरली आणि त्याच्या ओठांवर सोडली. ती वाहून गेली. मग गाव प्यालं.

लिंबाखालीच त्याची कबर आहे. त्यावर हिरवी चादर असते आणि हळदकुंकूही असतं.

भिवरा खूप जगली. तिनं त्याच वर्षी आपल्या घराचं दार चौकटीतून उचकटून काढलं. सासू ओरडली, चोर येतील म्हणाली. भिवरा म्हणाली, "येऊ देत. तहानलेलं असतील." जगदाळ्यांच्या घराला अजून दार नाही. चोर एकदा आला होता म्हणतात. त्याला पाणी दिलं, मग तो भांडी घासून गेला. हेही मी थोडं वाढवलं असेल.

आणि तेव्हापासून खैराळात पाणी मागत नाहीत. मागायची पाळीच येऊ देत नाहीत. कुणीही येवो, ओळखीचा, परका, भांडायला आलेला, तो टेकायच्या आत तांब्या समोर येतो. नको म्हणालात तरी येतो. सरकारी माणसं पंचनाम्याला येतात तेव्हा त्यांचा निम्मा वेळ लघुशंकेच्या जागा शोधण्यात जातो.

मोहरमच्या दहाव्या दिवशी भिश्त्याचं सोंग अजून निघतं. पण तो तोंड उघडत नाही. त्यानं नुसतं चालायचं. दारं आधीच उघडी असतात, उंबऱ्या-उंबऱ्यात बाई तांब्या घेऊन उभी असते, आणि त्यानं प्रत्येक दारात प्यायचंच. म्हणून सोंगासाठी पोट मोठं असलेला गडी निवडतात. शेवटी शेवटी तो इतका टम्म होतो, की पोरं त्याला मसक म्हणून चिडवतात, आणि मोठी माणसं त्यांना रागावत नाहीत.

बिनदाराच्या घरापाशी मात्र हलगी थांबते. तिथं जगदाळ्यांची धाकटी सून, ज्या पिढीची जी असेल ती, उंबऱ्यात येते. तांब्या ती सोंगाच्या हातात देत नाही. त्याच्याकडं बघतही नाही. ती लिंबाकडं तोंड करून म्हणते, "दर्या मोकळा हाय, चाचा. माघारी या."

मग सगळं गाव वाट बघत उभं राहतं. सावली थोडी सरकेपर्यंत. कुणी येत नाही. ती सून तांब्या कबरीपाशी नेते आणि सावकाश, शेवटच्या थेंबापर्यंत ओतते. ते पाणी जमिनीत जिरेस्तोवर गावात कुणीही घोट घेत नाही.