तीनशे बारा मुकी मडकी

एका राज्यात तेलाला पाण्यापेक्षा अधिक जपत. त्या राज्यात फाल्गुन शुद्ध पंचमी उजाडली तेव्हा आभाळ कोरे होते, वारा उत्तरेचा होता आणि उन्हाला अजून धार आली नव्हती. त्या दिवशी सकाळी सगुणा तेलिणीला राजाचे बोलावणे आले.

ती दरबारात शिरली तेव्हा मापारी सांगत होता, "महाराज, एकाहत्तर घडे तेल दिव्यात गेले. उरल्या तिळाचे एकवीस निघतील. एकूण ब्याण्णव. दिवा यंदा एकशे एक मागतो."



तो दिवा राजवाड्यापुढच्या चौकात होता, काळ्या दगडाचा, पुरुषभर उंच. राजा अरिंजयाच्या पणजोबाने तो शंबूर नावाच्या जादूगाराकडून घेतला. दिवा जळतो तोवर डोंगरापलीकडचा अंधार राज्यात उतरत नसे. पण त्याची भूक दरवर्षी एका घड्याने वाढे. फाल्गुनी अमावास्येला सूर्य बुडेपर्यंत ती भागली नाही, तर दिवा तेलाऐवजी एक गाव खाई. घरे, गुरे, माणसे ज्योतीत जात आणि जमिनीवर त्यांच्या सावल्या उरत. दिवा काठोकाठ भरून वाहिला तर शाप सुटेल, असे शंबूर सांगून गेला होता. पण तो काठ किती घड्यांवर आहे हे कोणी पाहिले नव्हते.

गेल्या वर्षी शेवरमाळ गेले. यंदा चिठ्ठी निंबगावची निघाली होती, आणि निंबगावात सगुणेची एकुलती एक लेक येसू नांदत होती. चिठ्ठी निघालेल्या गावातून पळणाऱ्याची सावली वेशीवरच गळून पडे, म्हणून कोणी पळत नसे.

प्रधान म्हणाला, "परराज्यातून तेल आणावे."

"गेल्या वर्षी आणले," राजा म्हणाला. "दिव्याने ते चौकभर ओकून टाकले. त्याला याच मातीतले, याच हातांचे तेल लागते. मग तुम्ही म्हणालात घाणे वाढवा. मी चाळीस नवे घाणे दिले. तेलीणबाई, तुम्ही सांगा. तेल का वाढले नाही?"

सगुणेने मान खाली घातली. "महाराज, घाणे वाढले, पण तीळ तेवढेच, बैल तेवढेच, हात तेवढेच. एका गोळ्याला चाळीस पोळपाट दिले तरी पोळी एकच होते."

दरबारात कोणीतरी हसले. प्रधानाने मागे वळून पाहिले, तसे ते हसू विझले.

"मग वाढेल कशाने?" राजाने विचारले.

"तेल पेंडीत राहते, महाराज. माझ्या सासऱ्यांची पेंड इतकी कोरडी निघे की बैलसुद्धा हुंगून तोंड फिरवी. त्यांची युक्ती मला ठाऊक नाही. ती आपल्या खजिन्यात आहे."

त्या राज्याच्या खजिन्यात सोने नव्हते. तिथे मडकी होती. कारागिराचा शेवट जवळ आला की तो कोऱ्या मडक्यात तोंड घालून आपल्या हाताची युक्ती बोले, मडक्यावर लाख लावून अंगठ्याने मोहर करी आणि ते राजाला अर्पण होई. अशी तीनशे बारा मडकी फळ्यांवर मांडलेली होती. युक्ती तेलासारखी असते, एकाने दुसऱ्यात ओतली की पहिल्याकडची संपते, असे त्या लोकांना वाटे. म्हणून तिथे बाप मुलाला काम दाखवी, पण मर्म सांगत नसे. मोहर फोडून जो ऐकेल त्याच्या गळ्यात दगड बसेल, हा शंबूरचा शापही होता.

राजा म्हणाला, "तीन मडकी उघडा. चौथे नाही. आणि ऐकाल ते कोणाला सांगायचे नाही. युक्ती सांडली तर राज्य भिकेला लागेल. सांगितलेत तर जीभ जाईल."

सगुणेने बेलभंडार उचलून शपथ घेतली.

खजिन्याच्या दारावर एक साळुंकी बसली होती. ती म्हणाली, "या बाई. शंभर वर्षांत ठेवायला पुष्कळ आले, घ्यायला तुम्हीच पहिल्या."

"माझ्या सासऱ्यांचे मडके कोणते?"

"मडक्यांवर नावे नाहीत. शोधा."

सगुणेने हुंगून पाहिले. एका मडक्याला तेलाचा वास होता. तिने मोहर फोडली. आतून एक सुतार बोलला. हत्यारांना तेल लावून त्याचे हात माखलेले असत. "घाण्याच्या आडव्या दांड्यावर ओझ्याचा दगड टोकाला बांधतात. एक वीत आत बांधा. दोन बैलांचे काम एक बैल करील."

सगुणेच्या गळ्यात चिंचोक्याएवढा दगड बसला.

दुसरे मडके तेलानेच माखलेले होते. त्यातून एक सुईण बोलली. "बाळाचे न्हाणीचे पाणी हाताने पाहू नका गं. राबत्या हाताला काही कळत नाही. कोपर बुडवा. कोपराला जेमतेम सोसेल ते पाणी खरे."

दगड सुपारीएवढा झाला. सगुणा पुढचे मडके हुंगू लागली.

"नाकाने शोधता आहात होय?" साळुंकी म्हणाली. "या राज्यात तेल कोणाच्या हाताला नसते? लाखेकडे बघा की."

सगुणेने फळीफळीने लाख पाहिली. तिच्या सासऱ्यांच्या अंगठ्याचा शेंडा घाण्यात गेलेला होता. दोनशे चाळिसाव्या मडक्यावर थोटका ठसा सापडला. तिने ते उघडले आणि अकरा वर्षांनी तिला ओळखीचा खोकला ऐकू आला.

"पेंड फेकू नका. फोडून एक दिवस उन्हात घाला, पुन्हा घाण्यात टाका. भुगा झाला की ओंजळभर गरम पाण्याचा शिपका द्या. पाणी गार असेल तर चिखल होतो, कढत असेल तर तेल करपते. किती गरम हवे, ते मला शेवटपर्यंत नीट साधले नाही."

सगुणेने आपल्या कोपराकडे पाहिले.

राजाने तिला वाड्यातला एक घाणा दिला, एक बैल दिला आणि दाराशी पहारा ठेवला. तिने दगड एक वीत आत बांधला. पाण्यात कोपर बुडवला. पाच दिवसांत जुन्या पेंडीतून एक घडा तेल निघाले, पिवळेधमक, जिथे आजवर थेंब निघाला नव्हता. राजा खूश झाला. सगुणा झाली नाही. अमावास्येला वीस दिवस उरले होते. तेवढ्यात आणखी चार घडे. ब्याण्णव आणि पाच, सत्त्याण्णव. चार कमी. गळ्यातला दगड रोज वाढत होता. आता पाण्याचा घोटही अडकत होता.

दशमीच्या दुपारी तेल चौकात पोचवायचे निमित्त करून ती शेजारच्या रायाजी तेल्याच्या दारी गेली. त्याचा घाणा थांबलेला होता.

"भावजी, तुमची वर्षाची पेंड कुठे आहे?" तिचा आवाज कसाबसा बाहेर पडला.

"गोठ्यात रचलीय. वहिनी, गळा कुठे गहाण टाकून आलात?"

"मी सांगते ते ऐका."

रायाजीने कानांवर हात ठेवले. "अहो, बेलभंडार उचललाय तुम्ही! जीभ कापतील. आणि मला दिलीत तर तुमच्याकडे काय उरेल? रिकामं डोकं?"

"येसू उरेल."

रायाजीने हात खाली घेतले. तिने सुताराचे, सुईणीचे, सासऱ्यांचे, सगळे सांगितले. मग ती ओट्यावर डोळे मिटून बसली आणि विसरण्याची वाट पाहू लागली. रायाजीही श्वास रोखून वाट पाहत होता.

"वहिनी," थोड्या वेळाने तो हळूच म्हणाला, "दगड कुठे बांधायचा?"

"एक वीत आत."

"आणि पाणी?"

"कोपराला सोसेल तेवढे."

"मलाही आठवतंय!" रायाजी उभा राहिला. "अहो, मग आहे तरी कोणाकडे?"

सगुणेने गळा चाचपला. दगड आटून बोरीच्या बीएवढा झाला होता. ती म्हणाली, "भावजी, पळा. सगळ्या तेल्यांना बोलवा. बायकांनाही." हे तिने चांगल्या मोठ्या आवाजात म्हटले.

त्या दिवशी तिने अठ्ठावीस जणांना सांगितले. त्यांनी आणखी कितीजणांना सांगितले ते तिला ठाऊक नाही. एका घाण्याला एक बैल पुरू लागला, तसे सुटलेले बैल नव्या घाण्यांना जुंपले. ज्यांच्या अंगणात राजाचे नवे घाणे वर्षभर धूळ खात उभे होते, त्यांच्या अंगणात पेंड वाळू लागली. एका घाण्यावर पाणी जास्त तापले आणि तेल करपले. तिथल्या म्हातारीने आपल्या सुनेला विचारले, "कोपर कोणाचा बुडवलास गं, लोहाराचा?"

तिसऱ्या दिवशी शिपाई आले. मागून राजा स्वतः आला. प्रधान म्हणाला, "हिने राज्याचा ठेवा गल्लीत सांडला, महाराज. शिक्षा ठरलेली आहे."

राजाने चाळीस घाणे फिरताना पाहिले. "तेलीणबाई, युक्ती आता किती उरली?"

"होती तेवढीच, महाराज."

"ते कसे?"

"मला ठाऊक नाही. मी रोज तपासते."

राजाने तलवारीवरचा हात काढला नाही. "अमावास्येपर्यंत थांबतो. एक घडा जरी कमी पडला तरी निंबगावाबरोबर तुम्हीही ज्योतीत जाल."

अमावास्येला सूर्य कलला तेव्हा चौकात माणूस मावत नव्हता. सगुणेला दिव्याच्या पायरीशी दोन शिपायांमध्ये उभे केले होते. मापारी घडा घडा मोजत होता आणि रायाजी ओतत होता. शंभर झाले. शंभरावा घडा गडबडीत पायरीवर आपटून फुटला होता आणि त्याच्या जागी दुसरा आणावा लागला, त्यात ऊन राजवाड्याच्या कळसावर गेले. एकशे एकावा घडा ओतला. ज्योत हलली, सगुणेकडे झुकली आणि पुन्हा सरळ झाली.

शिपायांनी तिचे हात सोडले. सगुणा म्हणाली, "थांबू नका, भावजी. पुढच्या वर्षी हा एकशे दोन मागेल. काठ येईपर्यंत ओता."

"आणखी आहे?" राजाने विचारले.

"गाड्या वेशीपर्यंत लागल्या आहेत, महाराज."

रायाजीचे हात थकले, तेव्हा राजाने स्वतः घडा उचलला. मापाऱ्याचा आवाज बसत चालला. कळसावरचे ऊन बोटभर उरले होते.

एकशे एकोणिसाव्या घड्याला तेल काठावरून वाहिले. काळा दिवा मधोमध तडकला आणि विझला. डोंगरापलीकडून अंधार आला नाही, नेहमीची संध्याकाळ झाली. सगुणेच्या गळ्यातला दगड गेला. निंबगावची अठ्ठ्याहत्तर घरे जागेवर राहिली. शेवरमाळची बावन्न घरे माणसांगुरांसह परत उभी राहिली. खजिन्यातली उरलेली तीनशे नऊ मडकी चैत्र शुद्ध प्रतिपदेला चौकात आणून सर्वांसमक्ष उघडण्यात आली.