कोंडाईचं धरणं

फार वर्षांपूर्वी, नदीवर अजून पूलही नव्हता तेव्हा, दोन भाऊ गादीवरून भांडले आणि त्यांच्या भांडणात सारा मुलूख होरपळला. शेवटी धाकटा जिंकला. निंबोडं गावानं थोरल्याच्या सैन्याला पाणी पाजलं होतं. तेवढ्यावरून धाकट्याचा सरदार रायाजी चालून आला आणि त्यानं अकरा जणांना नदीकाठी नेऊन मारलं. अकरावा होता कोंडाई सुइणीचा एकुलता एक दगडू.

लढाई निवल्यावर कोंडाई न्याय मागायला दरबारात गेली. कारभारी म्हणाला, "म्हातारे, अशी माणसंच नव्हती. दप्तरात नावं नाहीत."

"नव्हती? आरं, अकराच्या अकरा माज्या हातावर जल्मली!"

तिला हाकलून दिलं. मग ती राजवाड्याच्या दारातच धरणं धरून बसली. तेव्हाचा रिवाज असा, की धरणेकरी दारात उपाशी आहे तोवर घरधन्यानंही अन्नाला शिवायचं नाही. राजा हसला. संध्याकाळी उठेल म्हणाला. पण सगळे वार आणि सगळ्या चतुर्थ्या धरणाऱ्या बाईला उपासाचं काय कौतुक! राजा मात्र दिवसातून चारदा जेवणारा.

असं म्हणतात, की तिसऱ्या दिवशी राजाच्या पोटातली गुरगुर ऐकून हत्ती बिथरले. पाचव्या दिवशी त्यानं उशीला चावा घेतला. इकडे कोंडाई दारात बसून एकेकाचा जन्म सांगत होती. "म्हादा पायाळू आला. गोंद्या रडंना, दोन चापट्या दिल्या तवा भोकाड पसरलं. माजा दगडू..." मग ती पुन्हा पहिल्यापासून सुरू करी. पहारेकऱ्यांना सगळी बाळंतपणं तोंडपाठ झाली.

सातव्या दिवशी राजा भिंत धरत बाहेर आला. "आई, काय हवं ते माग, पण आधी जेव."

"आदी नावं घे, लेकरा. आन् त्यास्नी कुनी मारलं, त्ये बी चारचौघांत सांग."

राजानं अकरा नावं घेतली आणि मारणारा म्हणून रायाजीचं. दगडूचं नाव ऐकलं तेव्हा कोंडाई सात दिवसांत पहिल्यांदा रडली. रायाजीला तिथंच बेड्या पडल्या. मग तिनं अर्धी भाकर खाल्ली, राजानं एकोणीस खाल्ल्या, असं म्हणतात.

आजही चैत्रात एका सकाळी निंबोड्याचा सरपंच चहासुद्धा न घेता कासावीस होऊन पारावर उभा राहतो. गावातली सगळ्यात म्हातारी बाई एकेक नाव पुकारते. आणि प्रत्येक नावाला सारा गाव, कडेवरच्या पोरांसकट, ओरडतो, "होता!"