जुनशंखी

त्या किनाऱ्यावर शंखात राहणारे खेकडे होते, आणि दरसाल प्रत्येकाने आदल्या सालापेक्षा मोठ्या शंखात जायचे असा तिथला रिवाज होता. या जातीच्या खेकड्याचे अंग मागून मऊ असते, त्यामुळे त्याला कुणाचा तरी रिकामा शंख लागतोच. पूर्वी अंग वाढले की शंख बदलत. पुढे कधीतरी अंगाची अट सुटली आणि बदलणे तेवढे राहिले.

बदलाच्या दिवसाला सरकणी म्हणत. त्या साली समुद्राने टाकलेला सर्वांत मोठा शंख खालच्या लोकांकडून ओढून वर आणवत आणि त्याच्यामागे थोरापासून लहानापर्यंत रांग लागे. हाळी झाली की सगळ्यांनी एकदम शंखाबाहेर यायचे. मग पहिल्याने नव्या शंखात शिरायचे, दुसऱ्याने पहिल्याच्या, तिसऱ्याने दुसऱ्याच्या. या मधल्या काही क्षणांत सगळा किनारा उघडा असे, आणि त्या वेळी कुणी कुणाकडे पाहू नये असा संकेत होता. तो पाळण्यासाठी सगळे एकमेकांकडे तिरक्या डोळ्यांनी पाहत.

मोठ्या शंखात लहान अंग खडखडते. हे शेजाऱ्यांना ऐकू जाऊ नये म्हणून आतली पोकळी कोरड्या वाळूने दाबून भरत. तिला घरभरणी म्हणत आणि त्या निमित्ताने खोबरे वाटत. भरलेला शंख हलत नसे, पण मोठ्या शंखवाल्यांना कुठे जायचेही नसे. त्यांची जागा अगदी वर, केवड्याच्या बनाखाली, पाण्यापासून सर्वांत लांब होती. जितके पाणी लांब, तितका मान मोठा. अंग सुकू नये म्हणून ओले शेवाळ मात्र लागे. ते सकाळ-संध्याकाळ खालचे लोक आणून देत. या खालच्या लोकांना जुनशंखी म्हणत.

हा शब्द मुळात शिवी नव्हता. गेल्या साली होता त्याच शंखात असलेला, एवढाच त्याचा अर्थ होता. पण किनाऱ्यावर अर्थपाल नावाचा एक अधिकारी होता आणि त्याला दुसरे काम नव्हते. त्याने आधी त्यात ‘आळशी’ घातले. मग ‘ज्याच्या अंगाला पाण्याचा वास येतो तो’ हा अर्थ घातला. पुढे एका सरकणीत कुणीतरी ‘पण कशाला?’ असे विचारले, तेव्हा ‘शंका काढणारा’ हाही अर्थ त्याने त्याच दिवशी घातला. वापर तर कुणालाच शिकवावा लागला नाही. स्थळ बघायला आलेल्यांना सांगत, “आमच्यात तीन पिढ्यांत कुणी जुनशंखी नाही हो.” जेवताना कुरकुर करणाऱ्याला दटावत, “खा मुकाट, नाहीतर जुनशंखी होशील.” खालचे लोकसुद्धा आपल्याहून खालच्यांना हाच शब्द लावत. अगदी शेवटचा, नखाएवढ्या शंखातला सखू तेवढा तो वापरत नसे, कारण त्याच्या खाली कुणी नव्हते.

लव्हाळी या किनाऱ्यावर सून होऊन आली ती खाडीच्या मुखापलीकडच्या खडकांतून. तिकडे सरकणी नव्हती. तिचा शंख लहान, करडा, अंगाबरोबर वळलेला होता. तिची सासू उधाणबाई वरून चौथी. उधाणबाईंच्या मागे मुलगा वेळू पाचवा. पहिल्याच दिवशी शेजारणी सून बघायला जमल्या. जमल्या म्हणजे जागच्या जागी डोळ्यांचे देठ लांब केले.

“शंख माहेरचाच वाटतं?” एकीने विचारले.

“हो. लहान आहे, पण बसतो छान,” लव्हाळी म्हणाली.

“बसतो म्हणूनच लहान,” उधाणबाई म्हणाल्या. “शंख कसा, सैल हवा गं. बाहेरच्याला वाटलं पाहिजे, आत अजून कुणीतरी आहे.”

लव्हाळी कमी बोलणारी होती. ती बघत राहिली. इथे सगळे सकाळी एकमेकांना “पुढे काय?” असे विचारतात आणि उत्तराची वाट न पाहता शेवाळ खातात, हे तिने चार दिवसांत हेरले. शेवाळ घेऊन येणारी म्हातारी सासऱ्यांची सख्खी बहीण आहे, हे तिला पाचव्या दिवशी कळले. निवळआत्या तिचे नाव. उधाणबाई तिला ‘वन्सं’ म्हणत, पण बाहेरचे कुणी असले की काहीच म्हणत नसत.

सरकणीला आठ दिवस होते तेव्हा लव्हाळीच्या पोटाखाली अंडी धरली. बारीक, तांबूस, राळ्याच्या दाण्यांसारखी. तिच्या आईने तिला दोनच गोष्टी सांगून पाठवले होते: ती एक घटकाही कोरडी पडू द्यायची नाहीत, आणि पंधराव्या दिवशी स्वतः भरतीच्या पाण्यात उतरून सोडायची. यातली एक चुकली तरी सगळे गेले.

उधाणबाईंना आनंद झाला. तो त्यांनी मोठ्याने व्यक्त केला. “माझा शंख वेळूला, वेळूचा तुला! तू रांगेत त्याच्या मागेच उभी राहायचं, मी बोलून ठेवलंय. पोटुशी सून एकदम सहाव्या जागी गेलेली या किनाऱ्यावर एक नाही. घरभरणीची वाळूसुद्धा आणायला नको, आयती भरलेली आहे.”

लव्हाळीने त्या दुपारी वेळूच्या शंखाच्या कडेतून आपली नांगी हळूच आत घातली. वाळू होती. कोरडी ठणठणीत.

“आत खोलवर ओल आहे का हो?” तिने विचारले.

“आत?” वेळू विचारात पडला. “आत मी गेलोच नाही कधी. तोंडाशीच बसतो ना आपण.”

“आणि पाण्यापर्यंत येईल हा ओढत?”

“पाण्यापर्यंत कशाला? पाणी वर येतं की. आत्या आणते.”

“अंडी पण आत्या नेतील?”

वेळू केवड्याकडे बघू लागला. तो वाईट नव्हता. त्याला प्रश्नाची सवय नव्हती, इतकेच. थोड्या वेळाने तो म्हणाला, “आईला विचारून बघतो,” आणि दोघांनाही ठाऊक होते की तो विचारणार नाही.

दुसऱ्या दिवशी निवळआत्या शेवाळ टाकून परत निघाली तेव्हा लव्हाळी तिच्याबरोबर उतारावर थोडी गेली.

“आत्या, तुम्ही सरकणी कधीच केली नाहीत?”

“केली की. दोन केल्या. दोन्ही वेळा पोटुशी होते.” म्हातारी थांबली नाही. “दोन्ही वेळा कोरडी पडली. खोबरं मात्र छान वाटलं होतं घरच्यांनी. तिसऱ्या साली सरकणीच्या आधीच हा शंख पाहून खाली उतरले. तेव्हापासून आहे ती आहे.”

“आणि मग?”

“मग पाच खेपा पाण्यात सोडली. कुठे कुठे असतील, देव जाणे.”

“मग हे कसे झाले? वेळू?”

“तुझी सासू तेव्हा शेवटून तिसरी होती, बाई, पाण्याला लागून. विचार तिला.” आत्याने जरा दम घेतला. “नको, नको. विचारू नकोस.”

लव्हाळीने उरलेले दिवस हिशेब केला नाही, फक्त रोज आत्याकडून थोडे जास्त शेवाळ मागून घेतले आणि आत ठेवले. बाहेरून काही कळत नव्हते. सासूबाई कौतुकाने म्हणाल्या, “घरभरणीची सवय लावून घेत्येय.”

सरकणीच्या सकाळी आभाळ निवांत होते. पहिल्या जागेचा थोरला शंख नेहमीप्रमाणे रांगेत नव्हता. तो गेली सात साले हललाच नव्हता. त्याच्यामागचे सगळे मात्र ओळीने उभे. नवा शंख पुढे ठेवला होता, पांढराशुभ्र, डोंगराएवढा. अर्थपालाने हाळी दिली आणि सगळा किनारा उघडा पडला. दुसऱ्या जागेचे गृहस्थ नव्या शंखात दिसेनासे झाले. तिसरे दुसऱ्याच्या शंखात गेले. उधाणबाई तिसऱ्यांच्या शंखात, वेळू आईच्या. वेळूचा शंख रिकामा झाला, आ वासून लव्हाळीपुढे उभा राहिला.

लव्हाळी बाहेर आलीच नव्हती.

आधी मागच्यांना वाटले, लाजते आहे. नवी आहे. मग मागची शेजारीण, जिचे अंग उन्हाने चुरचुरू लागले होते, म्हणाली, “अगं, आटप! तू निघाल्याशिवाय मी कुठे शिरू?”

“तुम्ही तुमच्याच शंखात जा,” लव्हाळी म्हणाली.

“माझ्याच?” शेजारणीला हे इतके नवीन होते की तिला राग यायलाही वेळ लागला. “म्हणजे मी काय जुनशंखी होऊ?”

मागून आवाज वाढले. “माहेरी शिकवलं नाही काही!” “पलीकडच्या मुली करू नयेत म्हणत होते मी.” “एकीपायी साठ घरं अडली!” उधाणबाईंना पुढे सगळे ऐकू येत होते, पण नवा शंख त्यांना इतका मोठा झाला होता की तो फिरवून मागे बघणे जमेना. त्या केवड्याकडे तोंड करून ओरडल्या, “सूनबाई! कुठेयस? माझ्या पाठीमागेच आहेस ना? नाक कापलंस! निघ आधी!”

“आई, अंडी सुकतील,” लव्हाळी म्हणाली.

“सगळ्यांचीच सुकतात!” उधाणबाई म्हणाल्या.

प्रकरण अर्थपालाकडे गेले. प्रश्न नाजूक होता. लव्हाळी जुनशंखी, याबद्दल वाद नव्हता. पण तिच्यामुळे जे साठ जण अडले, त्यांना काय म्हणायचे? अर्थपालाने डोळ्यांचे देठ मिटून विचार केला आणि सांगितले की जो दुसऱ्याला पुढे जाऊ देत नाही तोच खरा जुनशंखी, अडलेले निर्दोष.

“मग तो सगळ्यांत वरचा?” शेवटून सखूने विचारले. तोही उघडाच उभा होता. “तो सात सालं हलला नाही. तोपण जुनशंखी का?”

“तो हलत नाही,” अर्थपाल संथपणे म्हणाला, “कारण तो पोचला आहे.”

यावर सगळ्यांनी माना डोलावल्या. पण ऊन निर्णयाची वाट बघत नव्हते. पाठी लाल झाल्या. आधी सखू आपल्या नखाएवढ्या शंखात परत शिरला. मग त्याच्या पुढचा. मग कुणाकडे न बघता आणखी दहा-बारा, मग बाकीचे. शेजारीण सर्वांत शेवटी शिरली. आत गेल्यावर ती कुणाला ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाली, “बसतो मेला अगदी बरोबर.”

रांग मोडली. लव्हाळी वर राहू शकत नव्हती, हे कुणी तिला सांगितले नाही. सांगावे लागले नाही. ती निघाली तेव्हा उधाणबाई केवड्याकडे तोंड करूनच म्हणाल्या, “आता वन्संबरोबर शेवाळ आणत जा.” मग जरा हळू, “आणि ओलं आण.”

वेळू आईच्या जुन्या शंखाच्या तोंडाशी बसून होता. घरभरणीची वाळू आत शिगोशीग होती. समोर त्याचा स्वतःचा शंख तसाच रिकामा उभा होता. तो घ्यायला मागून कुणी आले नव्हते.

लव्हाळी सात दिवस निवळआत्याशेजारी राहिली, पाण्याची रेघ चुकवत पण ओल न चुकवत. अंडी तांबूसाची करडी झाली आणि त्यांच्यात बारीक काळे ठिपके दिसू लागले. ते डोळे होते. आत्या म्हणाली, “हलतायत.” पंधराव्या दिवशी, उजाडता उजाडता, भरती लागली.

सूर्य वर आला तेव्हा किनारा रिकामा वाटत होता. रात्रभरच्या वाऱ्याने सगळी पुळण वरपासून खालपर्यंत सपाट केली होती, आणि तिच्यावर आता तीनच वाटा उमटल्या होत्या. दोन बारीक, सरळ, आत्याच्या जागेपासून पाण्यापर्यंत. तिसरी वरून, रांगेतल्या एका मोकळ्या जागेपासून निघालेली, रुंद आणि वाकडीतिकडी. ती दर थोड्या अंतरावर थांबली होती, आणि जिथे थांबली तिथे शंखातून उपसलेल्या कोरड्या वाळूचा एकेक लहान ढीग होता. पाण्याजवळ ढीग संपले होते. तिन्ही वाटा फेसात शिरल्या होत्या.

केवड्याखाली मोठे शंख ओळीने झळकत होते. त्यांच्यापुढची वाळू वाऱ्याने घातली होती तशीच होती, शंखाच्या काठापासून काठापर्यंत, एकाही पायाची रेघ नसलेली. त्या ओळीतून मधूनमधून कुणीतरी कुणाला तरी विचारत होते, “पुढे काय?”