पोटावर रेघ असलेला सात

"उस्ताद, मला नाव आहे की. मग आकड्यानं हाक का मारता?"

संध्याकाळचा रोल कॉल चालू होता. रंगरूट ताठ उभे होते आणि प्रश्न मागच्या ओळीतून आला होता. असला प्रश्न रोल कॉलला कोणी विचारत नाही. शेजारच्या दोघातिघांनी तर मनातल्या मनात शिक्षेच्या फ्रंट रोलची तयारी करून टाकली.

हवालदार यशवंत डफळे, म्हणजे सगळ्यांचे उस्ताद, यांनी मान वर केली नाही. नंबराचे शेवटचे तीन आकडे त्यांनी पुन्हा उच्चारले.

"आठ-दोन-सात."

मारुती समोर बघत ताठ उभा राहिला.

"आठ-दोन-सात."

"मारुती निकम, हजर उस्ताद."

मग अख्ख्या प्लाटूनला रगडा मिळाला. एकानं चुकायचं आणि सगळ्यांनी मैदानभर लोळायचं, हा तिथला रिवाज. लोळताना मुलांनी मारुतीचा उद्धार केला, तोही नावानंच केला, एवढंच काय ते त्याच्या मनासारखं झालं.

तसा आकड्यांचा प्रकार काही उस्तादांनी काढलेला नव्हता. फौजेच्या त्या प्रशिक्षण केंद्रात पाटील म्हणून हाक मारली तर अर्धी रांग पुढं यायची. म्हणून भरती झाल्या दिवशी प्रत्येकाला लांबलचक नंबर मिळे आणि रोजच्या हाकेला त्याचे शेवटचे तीन आकडे वापरत. पूर्ण नंबराच्या शेपटीला एक अक्षर असे, जुन्या काळच्या नंबरांना ते नसायचं. ते उगाच चिकटवलेलं नसतं, पुढच्या आकड्यांचा हिशेब करूनच काढलेलं असतं. पहिल्या दिवशी मारुतीनं बेफिकिरीनं दोन आकडे उलटसुलट सांगितले, तर कचेरीतल्या बाबूनं यंत्रात ते घातले आणि न बघताच म्हटलं, चुकलं, अक्षर जुळत नाही, परत सांग. मारुतीला त्याचा रागच आला. समोर उभं धडधाकट माणूस दिसत असताना अक्षर कसलं जुळवता?

त्याच्या रागाला कारण होतं, आणि ते अगदीच खोटं नव्हतं.

मारुती हे नाव त्यानं सुखासुखी वापरलं नव्हतं. शाळेत पोरं त्याला मागून ढकलायची आणि गाडी चालू होत नाही म्हणून ओरडायची. तो मुकाट्यानं सोसायचा. कारण घरी वडिलांनी सांगून ठेवलं होतं, हे नाव तुझ्या आजोबांचं आहे आणि ते फौजेच्या स्मारकावर कोरलेलं आहे. आजोबा एकाहत्तरच्या लढाईत गेले. घरी माणूस आला नाही, काळी लोखंडी ट्रंक आली. वडील तेव्हा पाळण्यात होते. त्यामुळे आजोबांचा चेहरा घरात कोणाला धड आठवत नव्हता. होतं ते नाव, आणि ते मारुतीला दिलेलं होतं.

केंद्रात आल्यावर पहिल्याच रविवारी तो स्मारकापाशी गेला. पितळी पाट्यांवरची नावं बोटानं वाचत गेला आणि शिपाई मारुती निकम सापडल्यावर हरखून गेला. फोटो काढला, घरी पाठवला. आठवडाभरात गावच्या चौकात त्या फोटोचा फ्लेक्स लागला आणि आईनं देव्हाऱ्याशेजारी छापील प्रत ठेवून दिवा लावायला सुरुवात केली. आता अशा नावाच्या माणसाला कोणी आठ-दोन-सात म्हटलं तर त्याला झोंबणारच.

रगडा संपल्यावर उस्तादांनी त्याला बराकीत बोलावलं. सगळ्यांच्या ट्रंका खाटांखाली ओळीनं होत्या. प्रत्येकीवर पांढऱ्या रंगात आधी नंबर, मग हुद्दा, मग नाव. मारुतीच्या ट्रंकेवर नाव दुकानाच्या पाटीएवढं मोठं होतं आणि नंबर कोपऱ्यात, मुंगीएवढा.

उस्ताद वाकले. मोठ्या नावाकडे त्यांनी पाहिलंच नाही, कोपऱ्यातला नंबर मात्र बराच वेळ पाहिला.

"ह्यो सात असा का काढलास? पोटावर रेघ मारून?"

"सवय आहे उस्ताद."

"हं..."

मारुतीला वाटलं, आता ऐकतायत तर बोलून घ्यावं. तो म्हणाला, माझ्या आजोबांनी या नावानं जीव दिला, ते टाकून मी आकडा होऊ? शत्रूनं पकडलं तर आधी नंबर सांगायचा, मग हुद्दा आणि शेवटी नाव, असं तुम्ही शिकवता. शेवटी का? माणूस शेवटी?

उस्तादांनी वाद घातला नाही. त्यांना वाद घालता येत नसे, असं काही लोक म्हणत. काही म्हणत, त्यांना तशी गरजच पडत नसे.

"तुज्या आज्याला पलटनीत काय म्हनून हाक मारायचे?"

"नावानंच."

"कुनी सांगितलं?"

तसं कोणीच सांगितलं नव्हतं.

"कसम परेड व्हायची हाय अजून," उस्ताद म्हणाले. "तोवर दार उघडं असतंय. कसम खाल्ली की मग न्हाई. रविवारच्या रोल कॉलला हाक आली की नंबराला हजर म्हन. न्हाई तर सोमवारी घरची गाडी धर."

"मग मी जातो, उस्ताद."

"रविवार येऊ दे."

बोलून तर गेला, पण त्या रात्री तो खाटेवर हिशेब करत राहिला. घरी जायचं म्हणजे चौकातून जायचं, त्या फ्लेक्सखालून. लोक विचारतील, काय रे, का आलास? सांगायचं काय, की नाव लहान काढायला सांगितलं म्हणून आलो? त्याला फौज हवी होती. लहानपणापासून दुसरं काही हवंसं वाटलंच नव्हतं. पण एकदा तोंडातून गेलेला शब्द मागं घ्यायचा, तर त्याचं मन काही केल्या वाकेना.

रविवारी सकाळी उस्तादांनी त्याला एक फडकं आणि ब्रासोचा डबा दिला आणि स्मारकावर नेलं. पितळ चकचकीत ठेवायचं काम रंगरुटांकडेच असे. जायच्या आधी आजोबांचं नाव पुसून घे, एवढंच उस्ताद म्हणाले.

मारुतीनं अगदी मनापासून पुसलं. अक्षरांच्या खाचांतून नखानं मळ काढला. पितळात त्याचं स्वतःचं तोंड दिसायला लागलं तसा तो मागं सरला आणि त्यानं कडक सॅल्यूट ठोकला.

उस्ताद पायरीवर बसले होते.

"झालं?"

"झालं, उस्ताद."

"आन् ह्यो?"

त्यांनी बोट केलं तिकडे मारुतीनं पाहिलं. त्याच पाटीवर, बऱ्याच ओळी खाली, कोणी वाकून न पुसल्यानं हिरवट पडलेल्या अक्षरांत पुन्हा लिहिलं होतं, शिपाई मारुती निकम.

तो गुडघ्यावर बसला. फडक्यानं पुसलं. पुन्हा वाचलं. तेच नाव, तोच हुद्दा, तीच लढाई. त्या दिवशी पहिलं नाव सापडलं आणि त्यानं पुढं वाचलंच नव्हतं. सापडल्यावर कोण शोधत बसतं?

"ह्यातला तुजा आजा कंचा?"

"हेच..." त्यानं वरच्या नावाकडे हात केला. "म्हणजे... वरचेच असतील."

"असतील?"

मारुतीला चौकातला फ्लेक्स आठवला, आईचा दिवा आठवला. आपण कोणाच्या आजोबांना आजोबा म्हणत होतो? दोन ओळींत फरक होता तो फक्त नावाआधीच्या आकड्यांचा, आणि ते आकडे त्यानं फोटो काढताना वाचलेही नव्हते. फ्लेक्सवर ते हातभर मोठे छापले होते. गावातही कोणी वाचले नव्हते.

रेकॉर्ड ऑफिसला विचारू, तो घाईघाईनं म्हणाला.

"रविवार हाय. बंद." उस्तादांनी मिशीवरून बोट फिरवलं. "आन् तिथंबी पैल्यांदा नंबरच इचारत्यात."

मग घरी? घरचे कागद आजीच्या माघारी वाळवीनं खाल्ले होते. ट्रंक होती, तिच्यावर नंबर होता, पण बहिणीच्या लग्नात पाव्हण्यांना दिसायला बरी म्हणून वडिलांनी तिला निळा ऑइलपेंट फासला होता. चांगले दोन हात. आता तिच्यात डाळी ठेवत आणि वर बसायला घोंगडी अंथरत. हे सगळं मारुतीनं खाली बघून सांगितलं.

"उस्ताद, मला त्यांचा नंबर माहीत नाही."

पहिल्यांदाच त्यानं तो शब्द असा उच्चारला, काहीतरी हरवलेलं मागावं तसा.

पायरीवर सांडलेला ब्रासो वाळून पांढरी पूड झाली होती, ती उस्तादांनी तळहातानं सारखी पसरली.

"सात काढ. तुजा."

मारुतीनं काढला. बोटानं आधी सात, मग पोटावर रेघ.

"कुनी शिकवला?"

"आईनं. शाळेत जायच्या आधी ती मला ट्रंकेसमोर बसवायची. बोट धरून ट्रंकेवरचे आकडे गिरवून घ्यायची. तिथला सात असाच होता."

"गिरव मग."

"आठवत नाही, उस्ताद."

"तुला कुठं इचारलं मी? बोटाला ठावं असंल."

मारुतीनं डोळे मिटले. ट्रंकेचा गार पत्रा आठवला. बोटावर आईचा हात आठवला, कणकेचा वास येणारा. बोट थोडं अडलं आणि मग चालायला लागलं. मधे एकदा थांबलं, कारण तिथं पत्र्याला पोचा होता आणि तो ओलांडून पुढचा आकडा यायचा. पोचा ओलांडला. रेघेचा सात आला, गोल शून्य आलं, आणि शेवटी पुन्हा रेघेचा सात.

डोळे उघडले तेव्हा पायरीवर अख्खा नंबर होता.

त्यानं पाटीकडे पाहिलं. आधी वर... मग खाली.

खालचा होता.

मारुती तिथंच बसला आणि रडला. उस्तादांनी त्याला थांब म्हटलं नाही की पाठीवर हातही ठेवला नाही. ते दुसरीकडे बघत राहिले.

पुष्कळ वेळानं मारुतीनं फडकं उचललं आणि खालच्या ओळीतला हिरवा मळ काढायला घेतला. आधी आकडे पुसले, मग नाव.

"मग हे वरचे कोण?" त्यानं विचारलं.

"मारुती निकम."

"आमच्या आईनं त्यांच्यासमोर दिवा लावलाय, उस्ताद."

"लागू दे. त्यो बी गेलाच हाय की."

मारुतीनं वरची ओळ पुन्हा एकदा पुसून घेतली. आता ती जास्त जपून पुसली, दुसऱ्याच्या घरचं भांडं हाताळावं तशी. मग त्याला काहीतरी सुचलं आणि तो थांबला.

"उस्ताद, आजोबांचा हा नंबर नंतर कोणाला दिला?"

"देत न्हाईत."

"कधीच नाही?"

"न्हाई. एकदा दिला की त्याचाच. मेला तरी त्याचा." उस्ताद उठले, गुडघ्यावरची धूळ झटकली. "नाव देत्यात. तुला दिलंय की."

ते बराकीकडे चालू लागले. मारुती मागं उभा राहिला, हातात फडकं. एकवार वरची ओळ, एकवार खालची ओळ पाहत.

दुपारी रविवारची सवलत म्हणून मुलांना फोन मिळाले. मारुतीनं घरी सांगितलं की चूक झाली आहे, फ्लेक्स उतरवा, आणि ट्रंकेचा निळा रंग खरवडून काढा. वडील आधी चिडले, मग हो म्हणाले. हलक्या हातानं खरवडा, खालचं पांढरं जाता कामा नये, हे त्यानं दोनदा बजावलं. उद्या येणार आहेस का, असं काही ते विचारू शकले नाहीत, कारण त्यानं ते त्यांना कळवलंच नव्हतं.

संध्याकाळी रोल कॉलला प्लाटून उभी राहिली. सगळ्यांना माहीत होतं की आज निकमचा निकाल आहे. हा हजर म्हणाला तर राहील, नाही तर उद्या त्याची खाट रिकामी आणि आज आपल्या नशिबी शेवटचा रगडा. पुढच्या ओळीतल्या एकानं तर बाह्या आधीच दुमडून ठेवल्या होत्या.

उस्ताद आकडे उच्चारत चालले. तीन आकडे, हजर. तीन आकडे, हजर. मारुतीच्या आधीचा झाला.

उस्ताद थांबले. आज त्यांनी मान वर केली.

"मारुती निकम."

रांग चक्रावली. इतके दिवस ज्यासाठी सगळे मैदानात लोळले, ती हाक उस्तादांनी आपणहून मारली होती. आता फक्त हजर म्हणायचं बाकी होतं.

मारुतीच्या ओठावर शब्द आलाही होता. पण तो तसाच अडला... त्याला पाटीवरच्या दोन ओळी दिसत होत्या, दोन्हींत हेच नाव.

"कुठला, उस्ताद?"

कोणीतरी खोकलं. उस्तादांनी त्याच्याकडे पाहिलं, नेहमीपेक्षा जरा जास्त वेळ.

"हजर हाय, त्यो."